मोडी वाचन उत्तम, दोषारोपपत्राचं उत्तर भिकार: अलिबागच्या एका दुकानाचा अनुभव

अलिबागला हिराकोट तळ्याच्या आसपास, कचेरीच्या वाटेवर, टायपिंग, झेरॉक्स, नोटरी, स्टॅम्प पेपर अशा पाट्यांची रांगच लागलेली आहे. त्यातल्या एका गाळ्यावर ‘मोडी वाचन, वंशावळ, जात पडताळणी, खातेचौकशीची उत्तरे’ असं एका दमात लिहिलंय. त्या दुकानाबद्दल लिहितेय. नाव देत नाही. ज्याला गरज पडते त्याला पाटी बरोबर सापडते. घाईत असाल तर माझं मत आधीच ऐका. पाटीवरच्या पहिल्या दोन कामांना डोळे मिटून जा, तिसऱ्याला डोळे उघडे ठेवून जा, आणि चौथ्याला पायरीही चढू नका.

आता हे मी कोण सांगणारी? मी सरकारी कचेरीतून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झाले. नोकरीचा बराच काळ आस्थापनेच्या टेबलावर गेला. सेवापुस्तकं, वेतननिश्चिती, गोपनीय अहवाल, आणि कोणाच्या नशिबी आलंच तर निलंबनाचे आदेश. ‘आपणांस याद्वारे कळविण्यात येते की’ हे मी इतक्यांदा टाईप केलंय की तो कागद पुढे कोणाच्या घरात जाऊन पडतो याचा विचार कधी मनात यायचा नाही. गेल्या वर्षी तो आमच्याच घरात पडला.

माझे धाकटे दीर १९९० च्या सुमारास अनुसूचित जमातीच्या राखीव जागेवर लिपिक म्हणून लागले. प्रमाणपत्र ‘महादेव कोळी’. तेव्हा तहसील कचेरीतून शाळेचा दाखला आणि शपथपत्र एवढ्यावर प्रमाणपत्र हातात पडायचं, पडताळणी पुढे कधीतरी. आम्ही किनाऱ्यावरची माणसं. घराची होडी, ओट्यावर जाळी, नारळी पुनवेला सोन्याचा नारळ, वर्षाला एकदा कार्ल्याची एकवीरा. महादेव कोळी म्हणजे जुन्नर, आंबेगाव, अकोले या डोंगरपट्ट्यातली जमात. दोन्हीकडे कोळी आहे खरं, पण अनुसूचित जमातींच्या यादीत महादेव कोळी, मल्हार कोळी, टोकरे कोळी आहेत. आमच्यासारखे सोनकोळी राज्याच्या विशेष मागास प्रवर्गात मोडतात, आणि तो प्रवर्गही आला १९९४-९५ मध्ये. आज हे शाळेतल्या पोरालाही ठाऊक आहे. १९९० साली किती जणांना कळत होतं आणि किती जणांना कळत असून वळत नव्हतं, ते मला विचारू नका. घरात हा विषय निघाला की भाकऱ्या करपतात.

पुढे २१ डिसेंबर २०१९ चा शासन निर्णय आला. ज्यांचा जमातीचा दावा अवैध ठरला होता किंवा ज्यांनी वैधता प्रमाणपत्र दिलंच नव्हतं, त्यांना अधिसंख्य पदावर, म्हणजे मंजूर पदांच्या वर काढलेल्या जादा पदावर, अकरा अकरा महिन्यांच्या आदेशावर टाकलं. भाऊजी त्यात गेले. पगार चालू, पण आपल्या पदावर आपण नाही. त्यांचा प्रस्ताव पूर्वी एकदा जमात पडताळणी समितीकडे जाऊन त्रुटीत परत आलेला होता आणि कपाटात झोपला होता. तेवढ्यात कोणीतरी तक्रार केली. साहेबांनी प्रस्ताव पुन्हा पाठवायला सांगितला आणि त्याच आठवड्यात दोषारोपपत्रही काढलं. खोटी माहिती देऊन नोकरी मिळवली, सबब वर्तणूक नियम ३ चा भंग. ‘नितांत सचोटी’ची ओळ अधोरेखित केलेली.

तर आम्ही दुकानात गेलो ते दोन कागद घेऊन. हे दोन कागद दोन वेगळ्या टेबलांवरचे आहेत, आणि लोकांचे पैसे नेमके इथेच बुडतात, म्हणून थोडं सांगते. पडताळणी समितीपुढे आपली जात किंवा जमात आपणच सिद्ध करायची असते. राज्याचा जो कायदा १८ ऑक्टोबर २००१ पासून लागू आहे, त्याच्या कलम ८ मध्ये हा भार दावा करणाऱ्यावरच टाकलाय. खातेचौकशीत उलट. तिथे १९७९ च्या शिस्त व अपील नियमांतल्या नियम ८ प्रमाणे आरोप सिद्ध करायचा तो कचेरीने. सादरकर्ता अधिकारी कागद मांडतो, साक्षीदार आणतो, आपण उलटतपासणी घेतो. समितीपुढे गप्प बसलात तर दावा गेला. खातेचौकशीत जास्त बोललात तर आपणच आपल्या विरुद्धचा पुरावा लिहून देतो. दुकानाला हा फरक कितपत कळतो यावरच माझं मत ठरलं.

आधी चांगलं सांगते.

गाळा अरुंद. पुढे काउंटर, त्यावर प्रिंटर आणि लॅमिनेशनचं यंत्र. मागे पडद्याआड एक टेबल, त्यावर खाली वाकवलेला दिवा आणि हातात धरायचं भिंग. तिथे मोडीवाले काका बसतात. वयस्कर, कानाला यंत्र, बोलणं मोजकं. भिंतीवर एक लॅमिनेट केलेला कागद आहे आणि त्यावर चारच तारखा. अनुसूचित जाती १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमाती ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त जाती-भटक्या जमाती २१ नोव्हेंबर १९६१, इतर मागास आणि विशेष मागास १३ ऑक्टोबर १९६७. त्या त्या तारखेच्या आधीचा पुरावा लागतो. आत येणाऱ्याला काका बसा म्हणायच्या आधी त्या कागदाकडे बोट दाखवतात. आमच्या आधी एक बाई मुलीच्या इंजिनीअरिंगच्या प्रवेशासाठी आल्या होत्या, भंडारी. हातात वीस-पंचवीस कागदांची पिशवी आणि सगळे १९८० नंतरचे. काकांनी पिशवी न उघडता विचारलं, ‘सासऱ्यांचे वडील शाळेत कुठे होते?’ त्या बाईंचं काम तिथेच अर्धं झालं.

जुन्या नोंदी काढायचं त्यांचं तंत्र शिकण्यासारखं आहे. तहसीलच्या अभिलेख कक्षात नुसतं ‘आमच्या आजोबांची नोंद द्या’ असा अर्ज टाकला तर ‘आढळून येत नाही’ असा शेरा ठरलेला. कारण जुन्या जन्म-मृत्यूच्या रजिस्टरात, म्हणजे गाव नमुना १४ मध्ये, आडनाव बहुधा नसतंच. नाव, मग वलद (म्हणजे ‘चा मुलगा’), मग बापाचं नाव, गाव आणि जात. काका गावाचं नाव, जुना तालुका, अंदाजे पाच वर्षांचा पट्टा आणि आजोबांसोबत त्यांच्या भावंडांचीही नावं अर्जात घालायला लावतात. आजोबांची नोंद फाटलेल्या पानावर असली तरी त्यांच्या धाकट्या बहिणीची शाबूत असू शकते, आणि वंशावळीत ती तेवढीच चालते. जिल्ह्याचं नाव रायगड झालं १९८१ मध्ये, त्याआधी सगळीकडे कुलाबा. हेही अर्जात लिहायचं. माझ्या नोकरीत मी असे शेकडो अर्ज खालच्या मानेने परत पाठवले असतील. अर्ज असा लिहून आला असता तर मलाही कपाट उघडावंच लागलं असतं.

मोडी वाचनाचा दर पानाला २५० रुपये, शिक्का आणि सहीसह. बाहेर यापेक्षा जास्त घेतात आणि निम्मं अंदाजाने वाचतात. काका अंदाज करत नाहीत. जे अक्षर लागलं नाही तिथे ते लिप्यंतरात टिंबं टाकतात आणि समासात ‘अवाच्य’ लिहितात. गिऱ्हाईक म्हणतं, अहो टाका की, तिथे दुसरं काय असणार? काका भिंग खाली ठेवून नुसते बघत राहतात.

आता आमचं काम. भाऊजींच्या सगळ्या दाव्याचा पाया म्हणजे माझ्या सासऱ्यांचा शाळेचा उतारा. प्रवेश १९३८ चा. मुख्याध्यापकांनी टाईप करून दिलेल्या उताऱ्यावर ‘हिंदू महादेव कोळी’ असं स्वच्छ लिहिलंय, गोल शिक्का, सही. भाऊजी तो कागद प्लॅस्टिकच्या कव्हरात घालून देवघरातल्या कपाटात ठेवतात. काकांनी तो हातात घेतला आणि लगेच परत दिला. म्हणाले, ‘हे कोणीतरी वाचून टाईप केलंय. मला मूळ पान बघायचंय.’ भाऊजी चिडले. त्यांना वाटलं पैसे वाढवायचा डाव. मी म्हटलं, जाऊ या.

शाळेने रजिस्टर बाहेर न्यायला दिलं नाही, बरोबरच आहे. मोबाईलवर चारी बाजूंनी फोटो काढून आणले, काकांनी सांगितलं होतं तसे, एक सरळ आणि एक तिरप्या उजेडात. दुकानातल्या संगणकावर ते मोठे करून बघितले. मोडीत आधी पानभर आडवी रेघ ओढून घेतात आणि मग अक्षरं तिला लटकवत जातात. आमच्या पानावर जातीच्या रकान्यात रेघेला लटकलेलं ‘हिंदू कोळी’, तपकिरी पडलेल्या दौतीच्या शाईत. आणि त्या दोन शब्दांच्या मधे, किंचित वर, रेघेला न चिकटलेलं, बारीक देवनागरीत ‘महादेव’. निळं. अंगठ्याच्या नखाएवढ्या जागेत कोंबलेलं. मागच्या पानावर त्याचा दाब उमटलेला तिरप्या उजेडात दिसत होता.

काका म्हणाले, ‘ताई, १९३८ च्या पानावर बॉलपेन कुठून आलं?’

भाऊजी काही बोलले नाहीत. तो शब्द त्यांनी लिहिलेला नाही याबद्दल माझ्या मनात शंका नाही. प्रमाणपत्र काढलं तेव्हा ते विशीतले, वडिलांनी जो उतारा दिला तो त्यांनी जोडला. ते मधलं अक्षर कोणाच्या हातचं, हे सांगायला आता कोणी उरलेलं नाही.

यापुढे काकांनी जे सांगितलं त्याचे त्यांनी पैसे घेतले नाहीत, पण सगळ्या व्यवहारात किंमत होती ती त्यालाच. ‘हा उतारा आता, सगळं कळल्यावर, तुम्ही पुरावा म्हणून ठेवलात तर तो शब्द तुमचा झाला. दक्षता पथक शाळेत जाणारच आहे. त्यांनी शोधला तर तो रजिस्टरातला राहील.’ समितीचं दक्षता पथक मूळ रजिस्टर बघतंच. माधुरी पाटील प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २ सप्टेंबर १९९४ ला जी पद्धत घालून दिली, त्यात पथकाने गावात आणि शाळेत जाऊन तपास करायचा हे आहे. ते प्रकरणही ‘हिंदू कोळी’ की ‘महादेव कोळी’ याचंच होतं, आणि तिथेही शाळेच्या नोंदींवरच गाडी अडली होती.

काकांना कायद्याची कलमं पाठ नाहीत, पण त्यांनी धरलेली वाट कायद्याला धरून होती. पडताळणीच्या त्याच कायद्याच्या कलम १० खाली दावा अवैध झाला की मिळालेले लाभ जातात, आणि त्यासाठी तुमचा हेतू वाईट होता की नव्हता हे बघितलं जात नाही. ६ जुलै २०१७ च्या फूड कॉर्पोरेशनच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्टच सांगितलं. कलम ११ मात्र फौजदारी आहे. खोटी माहिती किंवा खोटा कागद देऊन प्रमाणपत्र मिळवल्याबद्दल सहा महिने ते दोन वर्षं कैद, दोन हजार ते वीस हजार दंड, किंवा दोन्ही. तिथे माणसाच्या मनात काय होतं हा प्रश्न येतो. तीस वर्षांपूर्वी वडिलांनी दिलेला कागद जोडणं वेगळं आणि आज बॉलपेन दिसल्यावर तोच कागद शपथपत्राला लावणं वेगळं. नोकरी जाणं आणि वर गुन्हा दाखल होणं, यातलं अंतर त्या एका कागदाने ठरणार होतं.

आम्ही मग आजोबांच्या बहिणीची १९२० च्या दशकातली जन्मनोंद काढली, नुसतं ‘कोळी’. ती लावली. शाळेच्या पानाचा फोटो लावला आणि खाली लिहिलं की मधला शब्द वेगळ्या शाईत दिसतो, तो कोणी व केव्हा लिहिला याची अर्जदारास माहिती नाही. वंशावळीचं शपथपत्र काकांनी स्वतः बसून केलं, २०० रुपये, एकही खाडाखोड नाही. प्रस्ताव समितीपुढे आहे. काय होईल ते दिसतंच आहे, आणि भाऊजींनाही दिसतंय.

आता काउंटरवरच्या मुलाकडे वळते. मुलगा हुशार आहे, चार खिडक्या एकदम उघडून ऑनलाइन अर्ज भरतो. अनुसूचित जाती, विमुक्त-भटके, इतर मागास, विशेष मागास यांचं पडताळणीचं पोर्टल पुण्याच्या बार्टी या सरकारी संस्थेचं आणि समिती जिल्ह्याला. अनुसूचित जमातीचा दावा मात्र आदिवासी विकास विभागाच्या समितीकडे जातो. पहिल्याच दिवशी तो आमचा अर्ज चुकीच्या पोर्टलवर भरायला निघाला होता. मी मागून बघत होते म्हणून वाचलो. नोकरीतल्या माणसाचा प्रस्ताव कार्यालयप्रमुखाच्या पत्रासह जातो हेही त्याला आठवण करून द्यावं लागतं. स्कॅन मात्र छान करतो, पानं सरळ, आकार मर्यादेत. पूर्ण फाईलचे ३,५०० घेतात. महाग नाही.

पण त्याच्या ड्रॉवरमध्ये एक पिन मारलेली चोपडी असते, १०० रुपयांना. ‘दक्षता पथकाचे संभाव्य प्रश्न व उत्तरे’. महादेव कोळ्यांचे देव, लग्नातले विधी, मेल्यावरचे सोपस्कार, गाणी, सगळं झेरॉक्सच्या झेरॉक्सवर. अ‍ॅफिनिटी म्हणून, म्हणजे चालीरीतींवरून जमातीशी नातं तपासायला, पथक जे प्रश्न विचारतं त्यांची ही घोकंपट्टी. त्याने भाऊजींना ती पाठ करायला सांगितली. आमच्या ओट्यावर जाळी वाळतायत, अंगणात बोंबील, आणि भाऊजींनी पथकाला डोंगरातल्या देवांची नावं सांगायची! माझी जाऊ हसून हसून बेजार झाली, मग रडली. बरं, कायद्यातही आता या घोकंपट्टीला फारसा अर्थ उरलेला नाही. २४ मार्च २०२३ ला ठाकूर जमातीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की अ‍ॅफिनिटी चाचणी ही अंतिम कसोटी नाही, आणि स्वातंत्र्यापूर्वीच्या कागदांना मोठं वजन आहे. म्हणजे कागद खरा असेल तर चोपडी लागत नाही, आणि कागद नसेल तर चोपडीने काही होत नाही. ती विकू नका, असं मी त्याला तोंडावर सांगितलं. तो म्हणाला, ‘मॅडम, लोक मागतात.’

त्याच दिवशी कर्जतकडचा एक ठाकूर मुलगा आला होता. नुकताच निवड यादीत आलेला, वैधतेसाठी मुदत तोंडावर. आजोबांचा १९४० च्या आतला दाखला, ‘ठाकूर’ लिहिलेला, तरी पुन्हा पुन्हा त्रुटी. ठाकूर हे आडनाव बिगरआदिवासींतही आहे म्हणून संशय. शिवाय १९७६ च्या कायद्याने क्षेत्रबंधन उठेपर्यंत जमातींच्या यादीत गावं-तालुक्यांची बंधनं होती, त्या काळातल्या कागदांचा घोळ अजून पुरता निस्तरलेला नाही. काकांनी आमचं काम बाजूला सारून त्याचं घेतलं. भाऊजी बाकावर बसून बघत होते. मला काही बोलावंसं वाटलं नाही, पण मनात आलं ते लिहिते. १९९० साली भाऊजी लागले त्या जागेसाठी अर्ज केलेला असाच कोणीतरी कर्जतचा, सुधागडचा पोरगा असणार. भाऊजींवर माझी माया आहे. त्यांनी सचोटीने नोकरी केली, एक पैसा कधी इकडचा तिकडे नाही. तरी ती जागा त्या पोराची होती. यावर आमच्या घरात दोन तट आहेत, आणि मी कुठल्या तटात आहे हे सगळ्यांना माहीत आहे.

आता पाटीवरचं चौथं काम, ‘खातेचौकशीची उत्तरे’. २,००० रुपये आगाऊ. दोषारोपपत्र दिलं, दोन दिवसांनी सहा पानी उत्तर तयार, स्पायरल बाइंडिंगसह. घरी आणून वाचायला बसले.

दुसऱ्या पानावर ‘अर्जदाराच्या पूर्वजांचा पिढीजात विणकामाचा धंदा असून’. विणकाम! पुढे दोन ठिकाणी ‘हलबा’, म्हणजे भलतीच जमात. विदर्भातल्या कोणाचं तरी उत्तर उचलून नाव बदलून दिलेलं. जाळी विणतो आम्ही, तेवढंच काय ते विणकाम. हे हसण्यावारी नेता येईल, पण पुढचं नेता येत नाही. सगळ्या युक्तिवादाचा आधार होता मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाचा डिसेंबर २०१४ चा निकाल, जमातीचा दावा फेटाळला तरी नोकरीला संरक्षण देणारा. तो निकाल सर्वोच्च न्यायालयाने २०१७ च्या त्याच फूड कॉर्पोरेशनच्या प्रकरणात मोडीत काढलाय. जोडीला १५ जून १९९५ चा शासन निर्णय, विशेष मागास प्रवर्गातल्या आधी लागलेल्यांना न काढण्याचा. त्यावरही २०१७ मध्ये सांगून झालंय की शासन निर्णय आणि परिपत्रकं कायद्याच्या वर जाऊ शकत नाहीत. नोव्हेंबर २००० च्या हलबा-कोष्टींच्या घटनापीठाच्या निकालाने तेव्हापर्यंतचे प्रवेश आणि नेमणुका वाचवल्या होत्या, तोही घातलेला. न्यायालयाने तेव्हा ते आपल्या विशेष अधिकारात केलं होतं, कोणीही उठून तो अधिकार कचेरीपुढे मागू शकत नाही. म्हणजे चौकशी अधिकाऱ्याच्या हातात आपणच रद्द झालेले कागद द्यायचे.

सगळ्यात वाईट म्हणजे सहा पानं जातीवर वाद घातलेला. जात ठरवायचा अधिकार चौकशी अधिकाऱ्याला नाहीच, तो फक्त समितीला. समितीने प्रमाणपत्र खोटं ठरवलं तर मग वेगळ्या खातेचौकशीची गरजही राहत नाही. केरळच्या एका पोलीस अधिकाऱ्याच्या प्रकरणात २००४ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय की अशी नेमणूक मुळातच रद्द, सरकारी नोकराला चौकशीशिवाय काढू न देणारं घटनेच्या कलम ३११ चं कवच तिला मिळत नाही. आणि समितीने अजून काही ठरवलेलंच नसताना ‘खोटी माहिती दिली’ हा आरोप कचेरी कशावरून सिद्ध करणार? घोड्याआधी गाडी जोडल्याचा प्रकार. आस्थापनेच्या टेबलावर बसणाऱ्यालाही हे कळतं, फक्त तक्रार आली की वरून फोन येतो आणि काहीतरी कागद काढावा लागतो. मी ते काढलेत म्हणून सांगते.

शेवटी उत्तर मीच लिहिलं, दीड पान. आरोप अमान्य, एका वाक्यात. प्रमाणपत्र सक्षम अधिकाऱ्याने दिलेलं होतं, ते खोटं असल्याची माहिती नव्हती. जमातीचा प्रश्न समितीपुढे प्रलंबित असल्याने तिच्या निर्णयापर्यंत चौकशी थांबवावी. जोडपत्र ३ मधल्या सगळ्या कागदांची पाहणी करू द्यावी. बचाव सहायक म्हणून अमुक निवृत्त कर्मचाऱ्याची संमती जोडली आहे. बस्स. बचाव सहायक नेमता येतो हे त्या सहा पानांत कुठेच नव्हतं, आणि चौकशीत तेवढा एक माणूस सोबत असला की निम्मा घाम वाचतो. चौकशी सध्या थांबलेली आहे. बाकी भाऊजींची निवृत्ती जवळ आली आहे आणि अधिसंख्य पदावरच्यांच्या सेवाविषयक आणि निवृत्तीच्या लाभांबाबत डिसेंबर २०२२ मध्ये शासन निर्णय निघालाय. घरात आता त्याचीच पारायणं चाललीत.

२,००० परत मागायला गेले तेव्हा मुलगा म्हणाला, टायपिंग झालंय, बाइंडिंग झालंय. मी ‘हलबा’वर लाल पेनने केलेली वर्तुळं दाखवली. पडद्याआडून काका उठून आले, वाचलं, आणि गल्ल्यातून हजार काढून दिले. मुलगा त्यांच्याकडे बघतच राहिला. उरलेले हजार मी सोडले.

तेव्हा जायचं असेल तर असं जा. मूळ रजिस्टराच्या पानाचे फोटो घेऊन जा, टाईप केलेला उतारा नको. काकांना भेटायचंय असं काउंटरवर स्पष्ट सांगा, नाहीतर मुलगा तिथल्या तिथे फॉर्म भरायला घेतो. काका सकाळीच बसतात, जेवणानंतर नसतात. खातेचौकशीचं उत्तर तुमच्या खात्यातल्या एखाद्या निवृत्त आस्थापनावाल्याकडून लिहून घ्या, आणि प्रकरण बडतर्फीपर्यंत जाणारं असेल तर वकिलाकडे जा. मोडीचे पैसे काका रोखच घेतात, बाकीचं फोनवरून चालतं. पावती मागून घ्या, मागितल्याशिवाय देत नाहीत.